शेवाळावरून पाय घसरला, पण कुठल्या शेवाळावरून?

दर पावसाळ्यात आपल्याकडच्या पेपरात एक बातमी ठरलेली असते. कुठला तरी धबधबा, कठड्याच्या पलीकडे फोटो काढायला गेलेलं कुणी तरी, आणि मग ‘शेवाळावरून पाय घसरल्याने’. हे वाक्य इतक्या वेळा वाचलंय की त्यातलं ‘शेवाळ’ म्हणजे नेमकं काय, असा प्रश्न कधी पडलाच नव्हता. गेल्या श्रावणात मामांच्या गावी, जावळीत, ओढा ओलांडताना मी स्वतः आपटलो तेव्हा पडला.

त्या दगडावर दोन तऱ्हेचं हिरवं होतं. एक मऊ, दाट, मखमलीसारखं. त्यावर मी भीत भीत पाय ठेवला आणि तो टिकला. दुसरं जवळपास दिसतच नव्हतं, नुसता काळपट हिरवा ओलसरपणा. तिथे गेलो. कोपर सोलपटलं. मामा बैल धुता धुता म्हणाले, “सांगितलं न्हवतं व्हय, शेवाळ हाय तिथं?” मी मखमलीवर बोट ठेवून विचारलं, “मग हे काय?”

“त्ये बी शेवाळच की.”

हा लेख त्या मखमलीबद्दल आहे. ती कोण, तिला ओळखायचं कसं, आणि ओळख अर्ध्यावर अडली तर ती कुठे अडते, याबद्दल.

वाडा एक, बिऱ्हाडं पाच

आपण ‘शेवाळ’ म्हणतो तो एक जुना वाडा समजा. दारावर पाटी एकच, पण आत निदान पाच बिऱ्हाडं राहतात आणि त्यातल्या बहुतेकांचं एकमेकांशी नातं असलंच तर फार लांबचं.

पहिलं बिऱ्हाड खऱ्या शैवालाचं, म्हणजे अल्गीचं. यांना खोड नाही, पान नाही. विहिरीच्या पाण्यात तरंगणारे हिरवे तंतू हे, गच्चीवर पावसाळ्यात धरणारा काळा-हिरवा थरही बराचसा यांचा आणि यांच्यासोबत राहणाऱ्या हिरव्या-निळ्या जिवाणूंचा. यांच्या अंगाभोवती बुळबुळीत चीक असतो. मला पाडलं ते यांनी. बातम्यांमधला गुन्हेगारही बहुतेक वेळा हाच असणार, कारण हा थर पाण्याखाली आणि पाण्याच्या अगदी काठावर जमतो आणि डोळ्यांना दिसत नाही. (म्हणून मखमलीवर बिनधास्त पाय द्या असा अर्थ काढू नका. ती दगडाला वरवरच धरून असते, वजन पडलं की सालीसारखी निघते आणि खाली तोच चीक असतो.)

दुसरं बिऱ्हाड मॉसचं. आपली मखमल ती हीच. इवलंसं का होईना, याला खोड असतं आणि पानं असतात. शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात ‘ब्रायोफायटा’ आणि ‘वनस्पतींमधले उभयचर’ असं आपण घोकलं होतं, फ्युनारियाची आकृती काढली होती, ते हे. मराठीत याला ‘हरिता’ असं पुस्तकी नाव आहे, छान आहे, पण ओढ्यावर उभं राहून कुणी हरिता म्हणत नाही, तेव्हा आपण मॉसच म्हणू.

तिसरं लिव्हरवर्टचं. मॉसचं चुलत घर. यातले काही चपटे, हिरव्या पट्टीसारखे दगडावर पसरतात, त्यांच्यावर कधी छोट्या वाट्या दिसतात. पावसाचा थेंब वाटीत पडला की आतल्या बारीक कळ्या उडून शेजारी रुजतात. चौथं बिऱ्हाड दगडफुलाच्या जातभाईंचं, म्हणजे लायकेनचं. ते तर तुमच्या मसाल्याच्या डब्यात आहे. काळ्या मसाल्यात जे दगडफूल पडतं ते झाडच नव्हे, बुरशी आणि शैवाल यांचा एकत्र संसार आहे तो.

पाचवं बिऱ्हाड सगळ्यात फसवं. पश्चिम घाटातल्या वेगवान ओढ्यांत, पाण्याखालच्या खडकाला घट्ट चिकटून एक हिरवी-लालसर साय दिसते. शैवाल वाटावं किंवा लिव्हरवर्ट. पण पाणी ओसरलं, दगड उघडा पडला की त्या सायीला बारीक फुलं येतात! पोडोस्टेमेसी नावाच्या कुळातली ही सपुष्प झाडं, म्हणजे आंब्या-जांभळाच्या बाजूची. दिसण्यावरून नाती लावू नयेत ती अशी.

चिमटीत धरून बघा

मॉस आणि शैवाल वेगळं काढायला कॉलेजात जावं लागत नाही. चिमूटभर पाण्याबाहेर काढा. शैवाल ओल्या केसांसारखं गोळा होऊन बसतं. मॉसचा प्रत्येक कोंभ बाहेरही आपला आकार धरून राहतो आणि नीट बघितलं तर त्यावर पानं दिसतात.

यासाठी डोंगरात जायची गरज नाही. साताऱ्याहून संगम माहुलीला जा. कृष्णा-वेण्णेच्या घाटाच्या दगडी पायऱ्या पावसाळ्यानंतर खालून वर बघत या. पाण्यालगत बुळबुळीत शैवाल. त्यावर, चिऱ्यांच्या सांध्यांत ओल टिकते तिथे, मॉसच्या हिरव्या ओळी. आणखी वर, ऊन खाणाऱ्या कोरड्या दगडावर, करड्या-पांढऱ्या चकत्या, त्या लायकेनच्या. ओढ्यातल्या एकाच मोठ्या धोंड्यावर हीच उतरंड हातभर उंचीत सापडते. म्हणून मॉस बघताना पहिला प्रश्न ‘दिसतं कसं’ हा नसून ‘पाण्यापासून किती लांब बसलंय’ हा असतो.

मुळं नाहीत, मग खातं काय?

हा प्रश्न हमखास येतो आणि बरोबर येतो. मॉसला मूळ नसतं. दगडाला धरायला तपकिरी धाग्यांची जाळी असते, त्यांना मूलाभ म्हणतात, आणि त्यांचं मुख्य काम पकड धरणं. पाणी खालून वर चढवणाऱ्या पक्क्या नळ्याही बहुतेक मॉसमध्ये नसतात. आपलं घर नळयोजनेवर चालतं, मॉसचं घर कौलांवरून गळणाऱ्या पाण्यावर. पान बहुधा एकाच पेशीच्या थराचं असतं, म्हणजे पाणी आणि त्यात विरघळलेले क्षार सरळ अंगातूनच आत येतात.

याचा दुसरा अर्थ असा की पाणी थांबलं की मॉस थांबतं. चैत्र-वैशाखात ओढ्याकाठचे तेच दगड बघा, तपकिरी, कुरकुरीत चुरा दिसेल. लोक म्हणतात मेलं. बहुतेक मेलेलं नसतं. आपल्याकडे शेतात मोटरीला ऑटो बसवलेला असतो ना, लाइट गेली की मोटर बंद, रात्री दोनला आली की आपोआप सुरू, तसं हे. पाणी नाही तर काम बंद, पाणी आलं की पुन्हा चालू. वाळलेल्या मॉसवर फवारा मारून बघा, कित्येक जातींची पानं मिनिटा-दोन मिनिटांत उलगडतात. मी पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा चहा गार झाला होता.

महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्याच जिल्ह्यातल्या माणमध्ये, किंवा सांगलीच्या जत-आटपाडीत, पाचशेच्या घरात. मॉस दोन्हीकडे असतं. माणमध्ये ते भिंतीच्या उत्तर बाजूला, हौदाच्या गळतीखाली, जिथे ओल चार दिवस जास्त टिकते तिथे बसतं. जावळीत ते कुठेही बसतं.

आता त्या मखमलीचं नाव

साहित्य सांगतो. दहा पट मोठं दाखवणारी भिंग, सोनार किंवा घड्याळजी डोळ्याला लावतात तसली. पाण्याचा फवारा. जुन्या वर्तमानपत्राची चार पाकिटं. बास.

भिंग वापरायची रीत मात्र सगळे चुकतात. ती डोळ्याजवळ धरायची आणि मॉस भिंगेजवळ आणायचं, हात लांब करून आपण भविष्य बघत नाही. दगडावरचं बघायचं असेल तर गुडघे टेकावे लागतात, त्याला इलाज नाही.

ओढ्याकाठच्या ओल्या दगडावर आपल्या भागात भेटणाऱ्या मॉसपैकी तीन मंडळी लवकर ओळखीची होतात. एकाचं नाव फिलोनोटिस. फिकट पिवळसर किंवा निळसर हिरव्या गुबगुबीत गाद्या, खोड लालसर, खालचा भाग तपकिरी केसाळ मूलाभांनी भरलेला. झरा पाझरतो तिथे याचा मुक्काम, आणि नावाचा ग्रीक अर्थही ‘ओलाव्याची आवड असलेलं’ असाच. याच्यावर पाण्याचे थेंब अळूच्या पानावर राहावेत तसे राहतात, कारण पानांच्या पेशींवर बारीक फोड असतात. दुसरं हायोफिला. गडद हिरवं, बुटकं, ओल्या भिंतींवर, चुन्या-सिमेंटवर आणि दगडांवर सगळीकडे. ओलं असताना कोंभ वरून बघितला तर छोटं फूल उमललंय असं वाटतं, वाळलं की पानांच्या कडा आत वळून पुंगळ्या होतात.

माझी मखमल या दोन्हींत बसेना. तिचा एक कोंभ सुटा करून तळहातावर ठेवला तर तो चपटा. पानं खोडाभोवती फिरलेली नव्हती, दोन्ही बाजूंना समोरासमोरच्या रांगांत, एकाच पातळीत बसलेली. मोरपिसाचं टोक कापून एक सेंटिमीटरचं केलं तर दिसेल तसं. इथे मी आनंदाने ‘नेचा!’ म्हणालो आणि चुकलो. नेच्याच्या पानात फाटे फुटलेल्या शिरा असतात, त्याच्या नव्या पानाचं टोक गुंडाळलेलं असतं. इथे तसलं काही नव्हतं. मग ‘पानांचं लिव्हरवर्ट’ म्हणालो, कारण त्यांचीही पानं रांगेत असतात. तेही चुकलं, कारण त्यांच्या पानाला मधली शीर नसते आणि इथे प्रत्येक पानाच्या मधोमध एक स्पष्ट शीर होती.

उलगडा झाला तो पानाच्या बुडाशी. सुईने एक पान बाजूला केलं तर बुडाची बाजू दुहेरी निघाली. पानाच्या खालच्या अर्ध्या भागाची घडी होऊन खिसा तयार झालेला, आणि त्या खिशात खोड आणि पुढच्या पानाचं बूड बसलेलं. मी मामांना भिंग दिली. त्यांनी बराच वेळ बघितलं आणि म्हणाले, “घोंगडीची खोळ घेतल्यावानी दिसतंय.” भातलावणीला पावसात घोंगडीची घडी घालून डोक्यावरून घेतात, ती खोळ. मी वाचलेल्या कुठल्याही वर्णनापेक्षा हे नेमकं होतं. पान चपट्या दोन रांगांत, त्याला मधली शीर आणि बुडाशी खोळ, या तीन गोष्टी एकत्र दिसल्या की ते फिसिडेन्स. यात दुसरं काही असू शकत नाही, एवढी खूण पक्की आहे.

बोंड सापडलं असतं तर

मॉसला फूल नाही, फळ नाही, बी नाही. त्याऐवजी कोंभावर एक बारीक दांडा उभा राहतो आणि त्याच्या टोकाला बोंड असतं, आत धुळीसारखे बीजाणू. हे बोंड आणि दांडा म्हणजे मॉसचं पुढच्या पिढीचं लेकरू, आणि ते जन्मभर आईच्या अंगावरच राहतं, तिच्याच जिवावर पोसलं जातं. नर पेशीला मादी पेशीपर्यंत पोहत जावं लागतं, त्यासाठी पाण्याचा निदान एक पातळ थर हवा. ‘उभयचर’ हे नाव त्यावरून.

बोंडाचं झाकण पडलं की तोंडाशी दातांचं कडं दिसतं. बऱ्याच मॉसमध्ये हे दात सोळा असतात, हवेतल्या ओलीप्रमाणे हलतात आणि बीजाणू थोडे थोडे सोडतात, मिठाच्या डबीच्या भोकांसारखे. फिसिडेन्सचा प्रत्येक दात टोकाकडे दुभंगलेला असतो, नावाचा लॅटिन अर्थच ‘चिरलेला दात’. फिलोनोटिसचं बोंड गोल, कच्च्या छोट्या सफरचंदासारखं. हायोफिलाच्या बोंडाला दातच नसतात. म्हणजे बोंड सापडलं की गोंधळ निम्मा मिटतो.

माझ्या मखमलीला श्रावणात एकही बोंड नव्हतं.

“मोबाइलवर फोटो काढला की नाव येतंच की”

मीही तेच केलं होतं, आधी ते सांगतो. ॲपने एका फोटोला नेचा म्हटलं, दुसऱ्याला ‘मॉस’ आणि तिसऱ्याला एका युरोपातल्या जातीचं पूर्ण नाव, तेही मोठ्या आत्मविश्वासाने. तिन्ही फोटो एकाच गादीचे होते.

यात ॲपची फार चूक नाही. ॲप माणसाने आधी नाव दिलेल्या फोटोंवरून शिकतं, आणि सह्याद्रीतल्या मॉसचे नीट नाव दिलेले फोटो मुळात थोडे. त्यातून मॉसची खरी खूण फोटोत येतच नाही. आंब्याचं झाड लांबून ओळखू येतं, मॉसची जात मात्र पेशीच्या आकारावर ठरते. बँकेतल्या सहीचा फोटो लांबून काढून ती खरी की खोटी हे विचारण्यासारखं आहे ते. तरी फोटो काढाच, पण चार काढा: दगड आणि पाणी दिसेल असा एक, गादीचा एक, ओल्या कोंभाचा एक आणि त्याच कोंभाचा वाळल्यावर एक. वाळल्यावरचा फोटो कुणीच काढत नाही आणि ओळखणारा माणूस नेमका तोच मागतो.

“बरं, फिसिडेन्स. पण जात कुठली?”

इथे माझी गाडी अडली, आणि अडते ती जागा दाखवण्यासाठीच एवढं लिहिलं.

फिसिडेन्स हे आडनाव झालं. या आडनावाची जगभरात चारशेहून अधिक माणसं आहेत. पाटील म्हटल्यावर सांगली जिल्ह्यात घर सापडत नाही, तसं. पुढचं नाव हवं तर सूक्ष्मदर्शक लागतो. एका मित्राच्या कॉलेजात सुट्टीच्या दिवशी तो मिळाला. वाळवून नेलेला कोंभ पाण्याच्या थेंबात ठेवला, तो पुन्हा उमलला, चिमट्याने एक पान सोडवून काचेवर घेतलं. पान एका थराचं असल्यामुळे कापावं लागलं नाही, खालून उजेड सोडला की पेशी सरळ दिसल्या, षटकोनी फरशी बसवावी तशा. आणि पानाच्या कडेने, साडीला काठ असावा तसा, लांबट फिक्या पेशींचा पट्टा. हा काठ जाती ओळखताना मोठा कामाचा. काहींना तो पानभर असतो, काहींना फक्त खोळीपुरता, काहींना मुळीच नसतो. माझ्या पानाचा काठ टोकाच्या जरा अलीकडे संपत होता आणि मधली शीरही टोकाला पोचत नव्हती. पेशी गुळगुळीत, फोड नाहीत.

एवढ्यावर यादी बरीच छोटी झाली. पण उरलेल्या जातींत फरक होता तो बोंडाचा आणि नर-मादी अवयव कोंभावर कुठे असतात त्याचा. ते माझ्याकडे नव्हतं. म्हणून पाकिटावर लिहिलं: ‘फिसिडेन्स, जात अनिश्चित’. हे अपयश नाही. संग्रहालयांच्या कपाटांत असं लिहिलेली कित्येक पाकिटं असतात. खोटं पूर्ण नाव लिहिण्यापेक्षा खरं अर्धं नाव बरं, कारण चुकीचं नाव एकदा यादीत शिरलं की पुढचे लोक ते उतरवत राहतात.

ही नावं देण्याची शिस्त जुनी आहे. मॉसच्या शास्त्रीय नावांची सुरुवात १८०१ सालापासून धरतात, जर्मनीतला योहान हेडविग याच्या ग्रंथापासून. तो तेव्हा हयात नव्हता, १७९९ मध्येच गेला होता. फिसिडेन्स हे नाव त्याचंच. आपल्याकडे शिवराम कश्यप यांनी लाहोरला राहून हिमालयातली लिव्हरवर्ट धुंडाळली, भारतातल्या या शास्त्राचे जनक ते. १९३४ मध्ये ते गेले. भारतात आज मॉसच्या दीड हजारांहून अधिक जाती नोंदलेल्या आहेत. कासच्या फुलांना दरवर्षी रांगा लागतात, लागोत बापड्या, पण त्याच पठारावरच्या जांभ्यावर गुडघे टेकून मॉस बघणारा माणूस मला अजून दिसलेला नाही.

“नाव कळून कुणाचं पोट भरतंय?”

हे मामांनीच विचारलं. थेट उत्तर: कुणाचंही नाही. पण मघाची एक गोष्ट आठवा. मॉस अंगातून पितं. म्हणजे हवेत आणि पाण्यात जे असेल ते, शिसं असो की कॅडमियम, गाळून न घेता आत घेतं आणि साठवतं. म्हणून युरोपातले देश १९९० पासून दर पाच वर्षांनी मॉस गोळा करून त्यातले जड धातू मोजतात. हवेचं यंत्र प्रत्येक गावात बसवता येत नाही, मॉस आधीच बसलेलं असतं. त्यासाठी मात्र दोन ठिकाणचं मॉस एकाच जातीचं आहे हे माहीत असावं लागतं, नाही तर तुलना कशाची करणार?

दुसरं, दगडाच्या जवळचं. ओलीशिवाय ज्याचं चालत नाही असं फिलोनोटिससारखं मॉस वर्षानुवर्षं एका जागी बसलेलं असेल, तर तिथे पाझर आहे. तो पाझर पाइप टाकून वळवला की वरचं मॉस आधी जातं, त्यात राहणारे अर्ध्या मिलिमीटरचे आठ पायांचे पाणअस्वल जातात, आणखी बरंच काही जातं. मॉस बघून पाणी पिण्यालायक आहे का हे कळत नाही, तसा दावा कुणी केला तर ऐकू नका. मामा एवढंच म्हणाले, “वरल्या अंगाचा झरा आटला तवा तिथलं मऊ शेवाळ पयलं गेलं, ह्ये खरं हाय.” ते झऱ्याबद्दल साठ वर्षांच्या आठवणीतून बोलतात, मी एका श्रावणातून.

थोडं घरी आणून कुंडीत लावावं का?

लावू नका. एक तर ते बहुधा टिकत नाही, ओढ्याचा तुषार तुमच्या बाल्कनीत नसतो. दुसरं, कोयना किंवा चांदोलीसारख्या संरक्षित जंगलातून काहीही उचलायला परवानगी लागते. बाहेरच्या ओढ्यावरही अभ्यासापुरती नखाएवढी चिमूट पुरते, आणि ती गादीच्या मधून न घेता कडेने घ्यायची. प्लॅस्टिकच्या पिशवीत घातली तर बुरशी येते. कागदी पाकिटात सावलीत वाळवली तर वर्षानुवर्षं राहते आणि हवी तेव्हा भिजवून पुन्हा बघता येते.

माझ्या पाकिटावर पेन्सिलीने तारीख आहे, गाव आणि ओढा आहे, ‘काळा दगड, सावली, पाण्यापासून वीतभर वर, तुषार लागतो’ असं आहे. मामा म्हणालेत की दिवाळीनंतर पाणी उतरलं की दगडाची पलीकडची बाजूही बघता येईल. जातीपुढची जागा तोवर कोरी ठेवली आहे.